आफ्केचे डोहाळे

डाउवे खोटं बोलत नसे, आणि त्याचा त्रास त्याच्यापेक्षा आफ्केला जास्त होई. बाजारात गाय विकायला नेली की घेणाऱ्यानं विचारायच्या आतच हा सांगून मोकळा, "डाव्या बाजूनं धार काढायला बसू नका, लाथ घालते." गाय परत घरी. पाळकसाहेबांनी चर्चच्या दारात हात मिळवताना सहज विचारावं, "कसा वाटला आजचा उपदेश?" तर हा म्हणणार, "लांबला." डोल्सम गावच्या लोकांनी त्याला चर्चचा पंच निवडला तो याच गुणासाठी. आफ्केनं बावीस वर्षं त्याच्याशी संसार केला, तो या गुणासकट.

बेचाळीस सालच्या शरदात, देशावर जर्मनांचा अंमल असताना, पाळकसाहेब सायकलवरून आले आणि चुलीपाशी बसून हळू आवाजात म्हणाले, "ॲमस्टरडॅमचं एक जोडपं आहे. ज्यू आहेत. सापडले तर जर्मन त्यांना पोलंडच्या गाडीत घालतील. तिकडे गेलेल्यांचं पत्रसुद्धा येत नाही."

डाउवेनं पाइप खाली ठेवला. "डुक्कर खात नसतील ते."

"म्हणजे?"

"आफ्केला सांगून ठेवायला हवं. ती प्रत्येक भाजीत चरबी घालते."

झाला होकार. चौथ्या दिवशी बारेंड आणि यूडिक आले. बारेंड हिरे घासणारा. बोटं इतकी नाजूक, की पहिल्या दिवशी गाईनं त्याच्याकडे वळून बघितलं आणि दूध चोरलं. यूडिक शिवणकामाच्या कारखान्यात कापड बेतायची. दोघांची सोय गोठ्यावरच्या माळ्यावर, गवताच्या भिंतीमागे केली. खालच्या अकरा गाईंची ऊब वर जायची. कुणी डाउवेला विचारलंच, "घरी कोण कोण हल्ली?" तर तो म्हणायचा, "मी, आफ्के, आणि देव ठेवील तेवढे." यात खोटं काही नव्हतं.

पुढच्या वर्षी जुलैत यूडिक बटाटे सोलता सोलता रडायला लागली. आफ्केनं सुरी तिच्या हातातून काढून घेतली.

"बारेंड काही बोलला का तुला?"

"नाही हो काकू. मला... मला दिवस गेलेत."

आफ्के बघतच राहिली. मग तिला हसू फुटलं, आणि ते काही केल्या आवरेना. यूडिक रडतेय, आफ्के हसतेय. बारेंड माळ्यावरून डोकावला आणि पंच खाली आहेत का ते बघून पुन्हा गवतात गडप झाला. तीन दिवस तो डाउवेच्या समोर आला नाही.

चौथ्या दिवशी आफ्केनं सुईण बोलावली. हिल्त्येबाईंच्या हाताखालून निम्मं गाव जन्मलं होतं आणि उरलेल्या निम्म्याला त्यांचा धाक होता. त्यांनी यूडिकला तपासलं, हात धुतले आणि सगळ्यांना टेबलाशी बसवलं.

"वर गवतात बसून दुसरं करणार तरी काय म्हणा," त्या म्हणाल्या. बारेंड कानापर्यंत लाल झाला. "आता ऐका. रडणारं मूल लपवता येत नाही. पण मूल लपवायचंच कशाला? लपवायची त्याची आई. ती तर आधीच लपलेली आहे. आपल्याला हवी फक्त दुसरी आई." आणि त्या आफ्केकडे बघू लागल्या.

"मी?" आफ्के म्हणाली. "हिल्त्येबाई, मला पंचेचाळीस संपली!"

"शास्त्रातल्या सारेला नव्वदाव्या वर्षी मुलगा झाला."

आफ्केला मूल नव्हतं. होईल होईल म्हणता पंधरा वर्षं गेली, मग लोकांनी विचारणं सोडलं, मग तिनंही मनाला विचारणं सोडलं. आता ही बाई मीठ मागावं तसं मातृत्व मागत होती.

"नाही जमायचं," डाउवे म्हणाला. "मी घरात माणसं लपवीन. जिवावर बेतलं तरी लपवीन. पण गावभर खोटं सांगत फिरणार नाही."

हिल्त्येबाई त्याच्याकडे वळल्या. "पंच, शास्त्रात मिसरच्या फारो राजानं सुइणींना काय हुकूम दिला होता?"

"इब्री बायकांचे, म्हणजे ज्यूंचेच, मुलगे मारायचा."

"मग त्यांनी मारले?"

"नाही."

"आणि फारोनं जाब विचारला तेव्हा?"

डाउवे घुटमळला. "म्हणाल्या, या बायका सुईण पोचायच्या आतच बाळंत होतात."

"थाप! राजाच्या तोंडावर चक्क थाप. मग देवानं काय केलं त्या सुइणींचं?"

पलीकडे गोठ्यात एका गाईनं पाय बदलला.

"त्यांची घरं वसवली," डाउवे म्हणाला.

"झालं तर मग."

"सुइणींची वसवली," डाउवे म्हणाला. "पंचांबद्दल काही लिहिलेलं नाही."

शेवटी तोड निघाली ती अशी: थापा बायकांनी मारायच्या, डाउवेनं फक्त खरं बोलायचं, आणि खरं बोलताना जास्त बोलायचं नाही. यात तो पटाईत निघाला. त्या रविवारी चर्चबाहेर त्यानं टोपी हातात घेऊन जाहीर केलं, "जानेवारीत आमच्या घरात बाळ येणार आहे." लोकांनी त्याची पाठ थोपटून सुजवली. पुढे कुणी आफ्केची तब्येत विचारली की तो गंभीरपणे सांगायचा, "पोट वाढतंय दिवसेंदिवस."

पोट वाढवायचं काम यूडिककडे होतं. तिनं जुन्या चादरीची उशी शिवली, तिला कमरेचे आणि खांद्याचे पट्टे लावले. दर आठवड्याला ती उसवून मूठभर लोकर भरायची आणि शेजारी उभं राहून आपलं पोट आणि काकूंचं पोट जुळवून बघायची. शनिवारी यूडिक तिच्या धर्माप्रमाणे सुई धरत नसे आणि रविवारी आफ्के धरू देत नसे, म्हणून पोट वाढायचं ते सोमवारी.

आफ्केला सवय व्हायला वेळ लागला. एकदा डुकरीण कुंपणाबाहेर पडली तेव्हा ती सहा महिन्यांच्या पोटासकट तिच्यामागे धावली आणि आडवा आलेला चर सरळ उडी मारून ओलांडला. पलीकडे रस्त्यावर टपालवाला सायकल थांबवून उभा. "देव तुमचं भलं करो!" तो कसाबसा म्हणाला. एकदा चर्चमध्ये तिसऱ्या स्तोत्राला उठताना पोट डाव्या कुशीला गेलं. तिनं स्तोत्रांचं पुस्तक छातीशी धरलं आणि उपासना संपेपर्यंत उजवीकडे झुकून बसली.

पण खरी परीक्षा डोहाळ्यांची. यूडिकला आंबट काकडी हवी असायची. दुसरं काही नाही, काकडीच, आणि तीही बडीशेपेच्या पाल्यात मुरवलेली. अशी काकडी गावात एकीच्याच तळघरात होती: च्यामकेबाईंच्या. च्यामकेबाई चर्चच्या महिला मंडळाच्या अध्यक्ष. त्यांची जीभ एवढी तिखट, की गावातले कुत्रेसुद्धा त्यांच्या फाटकाशी भुंकत नसत. आफ्केला लग्न झाल्यापासून त्यांची धास्ती.

"डोहाळे लागलेत," आफ्के दारात उभी राहून म्हणाली. "आंबट काकडी..."

च्यामकेबाईंनी तिला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. मग आत जाऊन बरणी आणली, टेबलावर ठेवली आणि समोर बसल्या.

"खा."

"घरी नेऊन..."

"इथेच खा. डोहाळे कधी घरी जाईपर्यंत थांबतात का गं? बघू दे मला."

आफ्केला आंबट काकडीचा वाससुद्धा सहन होत नसे. तिनं एक खाल्ली. च्यामकेबाईंनी दुसरी पुढे केली. तिनं पाच काकड्या खाल्ल्या, प्रत्येक घासाला "आहाहा" म्हणाली, आणि बाईंनी पाठ वळवताच दोन एप्रनच्या खिशात सरकवल्या. घरी आल्यावर यूडिक त्या दोन काकड्या डोळे मिटून खात होती तेव्हा आफ्के गोठ्यामागे ओकत होती. नेमकी तिथून शेजारीण चालली होती. तिनं ते गावभर केलं. यापेक्षा चांगला पुरावा हिल्त्येबाईंनाही देता आला नसता.

नोव्हेंबरात एकदा कालव्याच्या कडेनं येताना आफ्केच्या लक्षात आलं, की आपला हात पोटावर आहे. जवळपास कुणी नव्हतं. कुणाला दाखवायचं नव्हतं. ती तशीच, हात न काढता, घरापर्यंत चालत आली आणि त्याबद्दल कुणाला काही बोलली नाही.

जानेवारीत कालवा गोठला. एके सकाळी यूडिकला कळा सुरू झाल्या, तेव्हा डाउवे धावत गेला आणि हिल्त्येबाई पाठीला पिशवी बांधून, पायांत स्केट्स घालून कालव्याच्या बर्फावरून घसरत त्याच्या आधी घरी पोचल्या. यूडिकला खाली आणून भिंतीतल्या पलंगात निजवलं होतं. हे पलंग कपाटासारखे, दारं लावली की नुसती भिंत. तिच्या दातात चामड्याचा पट्टा दिला. आवाज तिनं करायचा नव्हता. तो आफ्केनं करायचा होता, कारण डेअरीचा गाडीवान याच वेळी दुधाचे कॅन न्यायला अंगणात येई.

"आई गं," आफ्के शेजारच्या खोलीतून लाजत म्हणाली.

"जोरात!" हिल्त्येबाई ओरडल्या. "मूल होतंय, उंदीर नाही दिसलेला!"

मग आफ्केनं पंधरा वर्षांचं सगळं एकदाच बाहेर काढलं. गाडीवानाचा घोडा बिथरला. गाडीवान एक कॅन तिथेच विसरला, त्यानं टोपी काढून कवटाळली आणि पुढच्या गावापर्यंत घोडा दौडवत नेला. पट्टा दातात धरलेली यूडिक कळा देता देता हसायला लागली. हिल्त्येबाईंनी नंतर शपथेवर सांगितलं, की इतक्या वर्षांत हसत जन्माला घातलेलं हे एकच मूल त्यांनी पाहिलं.

"मुलगी!"

बारेंड शिडीवरून उतरला नाही, पडलाच. गेला महिनाभर त्याला झोप नव्हती. मुलगा झाला असता तर आठव्या दिवशी त्याची सुंता करायची की नाही, ते करणारं माणूस कुठून आणायचं, आणि केली तर ती खूण उद्या पोराचा जीव घेईल का, हे सगळे प्रश्न त्या एका शब्दानं मिटले. त्यानं डाउवेला मिठी मारली. डाउवेला आयुष्यात कुणा पुरुषानं मिठी मारली नव्हती. तो काठीसारखा ताठ उभा राहिला आणि मग त्यानं बारेंडच्या पाठीवर, गाईला थोपटावं तसं, तीनदा थोपटलं.

नाव ठेवलं हाना. यूडिकच्या आईचं नाव. शास्त्रातलंच असल्यामुळे गावालाही खटकण्यासारखं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी जन्माची नोंद करायची होती, आणि बापानं स्वतः यावं असा नियम. डाउवे रविवारचा काळा कोट घालून गेला. दोन तासांनी परतला, कोट न काढताच बाकावर बसला.

"अहो, काय झालं?" आफ्केनं विचारलं.

"कारकुनानं विचारलं, बाप कोण."

"मग?"

"मी म्हणालो, मी."

आफ्केनं तोंडावर हात ठेवला. "मग?"

"मग काही नाही. त्यानं शिक्का मारला." डाउवेनं छताकडे पाहिलं. "रस्ताभर वाट बघत होतो, आता काहीतरी होईल. पायाखालचा बर्फ फुटेल. काही झालं नाही. उलट..." त्यानं कोटाचं वरचं बटण सोडलं. "हलकं वाटतंय गं. खायला काही आहे का?"

आफ्केनं धिरडी घातली. त्यानं नऊ खाल्ली.

एका गोष्टीला मात्र तो बधला नाही. गावात मूल झालं की पहिल्याच रविवारी बाप्तिस्मा. बारेंड स्वतः म्हणाला, "करून टाका काका. चार थेंब पाणीच ना?"

"तुला ते पाणी असेल," डाउवे म्हणाला. "मला नाही. म्हणून तर तुझ्या नाइलाजाचा फायदा घेऊन तुझ्या मुलीवर मी ते घालू देणार नाही. तिला तुमच्यातलीच राहू दे. देवाला तिचा पत्ता ठाऊक आहे."

पाळकसाहेबांना कारण माहीत होतं, बाकीच्या पंचांना नव्हतं. त्यांनी डाउवेला सभेत उभं करून झाडलं: स्वतः पंच असून पोरीचा बाप्तिस्मा लांबवतो म्हणजे काय? तो मान खाली घालून उभा राहिला, एक शब्द बोलला नाही. घरी येऊन म्हणाला, "खरं बोलायचं नसलं की गप्प बसणंही फार कठीण." पण रात्रीच्या जेवणापूर्वीच्या प्रार्थनेत त्याचा आवाज नेहमीपेक्षा मोकळा होता, हे आफ्केनं ऐकलं.

आणि मग बाराव्या दिवशी महिला मंडळ आलं.

बाळंतिणीला भेटायला यायचं तर आधी सांगून येतात. पण च्यामकेबाईंनी कधी कुणाला विचारलं होतं? दुपारी अकरा बायका मागच्या दारानं थेट स्वयंपाकघरात घुसल्या. आफ्के बाह्या सरसावून लोणी घुसळत होती. पोट सपाट, कोपरापर्यंत ताक, पायांत लाकडी बूट. आणि तिच्यामागे, भिंतीतल्या पलंगाची दारं सताड उघडी टाकून, काळ्याभोर केसांची यूडिक हानाला पाजत बसली होती.

रवीचा आवाज थांबला.

च्यामकेबाई सावकाश पुढे आल्या. आफ्केला ओलांडून पलंगापाशी गेल्या, वाकल्या, बाळाचा गाल एका बोटानं दाबून पाहिला.

"आफ्के," यूडिककडे बघत त्या म्हणाल्या, "बाळंतपणात बरीच तरुण झालीस गं."

कुणीतरी फसकन हसलं. च्यामकेबाई वळल्या. "ज्या कुणाला या खोलीत आफ्के आणि तिचं बाळ यांच्याखेरीज काही दिसत असेल, तिनं उद्याच डोळे तपासून घ्यावेत. बसा सगळ्या."

"तुम्हाला... ठाऊक होतं?" आफ्केनं कसंबसं विचारलं.

"पाच काकड्या!" च्यामकेबाई म्हणाल्या. "प्रत्येक घासाला तोंड असं, जसं काही मी एरंडेल पाजतेय. मग दोन खिशात. मनात म्हटलं, खाणारी वेगळी आहे. आणि भूक चांगली आहे तिची."

आता सगळ्याच हसल्या. टोपलीतून टोस्ट निघाले, लोणी तर समोरच होतं, आणि च्यामकेबाईंनी एक पत्र्याचा डबा काढला: गुलाबी-पांढऱ्या बडीशेपेच्या गोळ्या, लढाईपूर्वीच्या. बाळ झालं की लोणी लावलेल्या टोस्टवर या गोळ्या पेरून वाटायच्या. गेल्या दोन वर्षांत गावात कुणी त्या पाहिल्या नव्हत्या. अकरा बायकांनी दोन्ही आयांना भरवलं. यूडिक एकेकीचा चेहरा निरखत होती. सव्वा वर्षानंतर ती एकदम इतकी माणसं बघत होती.

तेवढ्यात अंगणात मोटारसायकल थांबली.

मजुरीसाठी जर्मनीला पाठवायला तरुण पुरुष हुडकत फिरणारे ते दोघे होते, एक जर्मन आणि एक त्यांची टोपी घातलेला इथलाच. ते डाउवेशी दारात बोलेपर्यंत आत जे घडलं ते आफ्केला नंतर नीट आठवेना. कुणीतरी यूडिकला पलंगात भिंतीकडे ढकललं, तिच्यावर पिसांची गादी टाकली. कुणीतरी आफ्केला उचलून, हो, चक्क उचलून, बुटांसकट आत घातलं. डोक्यावर टोपी, गळ्यापर्यंत रजई, हातात हाना. अर्धवट दूध प्यायलेली हाना असं काही किंचाळली, की खिडकीच्या काचा थरारल्या.

दोघं आत आले, तर समोर अकरा बायका टोस्ट खाताहेत.

"मूल कुणाचं?" इथल्यानं डाउवेला विचारलं.

"देवाचं," डाउवे म्हणाला. "आमच्याकडे सांभाळायला दिलंय."

तो माणूस पलंगाकडे सरकला. आफ्केच्या पाठीला यूडिकचा श्वास लागत होता. हाना लाल होऊन बोंबलत होती, आणि तिला द्यायला आफ्केकडे काही म्हणजे काही नव्हतं.

"पोरीला भूक लागलीय," च्यामकेबाई गरजल्या. "बाळंतीण पाजायची खोळंबलीय आणि तू आ वासून उभा! कुणाचा रे तू? यात्स्मा सुताराचा ना? तुझ्या आईला ओळखते मी. पुढच्या मंगळवारी सभेला येईल, तेव्हा सांगू का तिला, तुझा मुलगा बायकांच्या पलंगात डोकावत फिरतो म्हणून?"

अकरा जोडी डोळे त्याच्यावर रोखले. त्याची मान खालून वर लाल होत गेली. जर्मनाला भाषा कळली नाही, पण सूर कळला. त्याच्याही घरी अशी एक असावी. त्यानं टाच वळवली. एका बाईनं जाता जाता त्याच्या हातात टोस्ट कोंबला. तो "धन्यवाद" म्हणाला, आणि मोटारसायकल निघून गेली. माळ्यावर कुणी गेलंच नाही.

गादीखालून यूडिकचं डोकं बाहेर आलं. केसांत पिसं. "आता तरी देता का हिला इकडे?" ती म्हणाली. मग जे हसणं सुरू झालं ते गोठ्यावर बारेंडला ऐकू गेलं, आणि खाली नेमकं काय चाललंय हे त्या बिचाऱ्याला संध्याकाळपर्यंत कळलं नाही.

पंचेचाळीसच्या एप्रिलात कॅनडाचे सैनिक आले आणि जर्मन गेले. बारेंड आणि यूडिक हानाचे हात दोन्ही बाजूंनी धरून भर दुपारी रस्त्यानं चालत गेले, तेव्हा बाकीच्या पंचांनी त्यांना पाहिलं, मग डाउवेला पाहिलं. सगळ्यात जोरात ज्यानं झाडलं होतं तो पंच येऊन डाउवेचा हात हातात धरून बराच वेळ तसाच उभा राहिला.

सोमवारी डाउवे काळा कोट घालून नोंदणी कचेरीत गेला. या वेळी आफ्केही बरोबर होती.

"मी इथे खोटं बोललो होतो," तो कारकुनाला म्हणाला. "ते परत घ्यायचंय."

कारकुनानं चष्म्यावरून पाहिलं. "मूल?"

"हो."

"बसा. तुमच्या आधी दोघं आहेत."

बाकावर खरंच दोन शेतकरी टोप्या हातात धरून बसले होते, आणि एकाची बरोबर आलेली बायको आफ्केपेक्षा सहा वर्षांनी मोठी होती. आफ्के तिच्याकडे बघत राहिली, ती आफ्केकडे.

"लोकर?" आफ्केनं हळूच विचारलं.

"भुसा," ती म्हणाली. "फार टोचायचा."

बारेंड आणि यूडिक त्या शरदात ॲमस्टरडॅमला परतले. दोघांच्या घरच्यांपैकी यूडिकची एक बहीण तेवढी उरली होती. निघताना हाना आफ्केचा गळा सोडेना, आणि आफ्केलाही तिला सोडवेना. पुढचे काही आठवडे तिनं स्वयंपाकघरात कुणाला फार बोलू दिलं नाही. डाउवे रोज संध्याकाळी तिच्याशेजारी नुसता बसून राहायचा. पण दर पंधरा दिवसांनी पत्र यायचं, आणि त्यात हानानं मारलेल्या रेघोट्या असायच्या.

पुढच्या जूनमध्ये ते आले. आगगाडीतून आधी बारेंड उतरला, मग हाना, आणि मग यूडिक, सातवा महिना, पिवळा झगा. बारेंड घोडागाडी ठरवायला निघाला, तर तिनं त्याला थांबवलं.

"मी चालत जाणार. गेल्या वेळी सगळं काकूंनी मिरवलं. या वेळचं माझं मी मिरवणार."

हाना डाउवेच्या खांद्यावर बसली आणि त्याची टोपी तिनं स्वतःच्या डोक्यावर घातली. यूडिकनं आफ्केच्या दंडात हात घातला. प्रत्येक फाटकाशी त्या थांबल्या, प्रत्येक बाईनं कितवा महिना म्हणून विचारलं, आणि प्रत्येकीला यूडिकनं मोठ्यानं सांगितलं. स्टेशनपासून घर दहा मिनिटांवर. त्यांना पोचायला दीड तास लागला.